मिटवायचा राहिलेला मंत्र

खानापूर, मंगळवार, ४ नोव्हेंबर २०२५

चि. युवराज,

आशीर्वाद तू मागितलेला नाहीस, तरी मोठी बहीण म्हणून देते. नको असला तर पाकिटात घालून परत पाठव.

माझा नंबर बंद केलास त्याला दोन वर्षं झाली. अजून मधूनमधून लावून बघते. एक बाई इंग्रजीत काहीतरी सांगते, मी तिला मराठीत दोन शिव्या देते आणि ठेवते. म्हणून हे पत्र. अक्षर ओळखून फाडू नकोस. आधी वाच, मग फाड.

शेजारचा गुंडू सांगत आला की दिपाली बाळंत झाली, मुलगा झाला, सोळा तारखेला रविवारी बारसं आहे. ऐकता ऐकता माझं दूध उतू गेलं, चूल विझली, तरी मी तशीच उभी. इतका आनंद मला बऱ्याच दिवसांत झाला नव्हता. मग गुंडू म्हणाला, "नाव रवळूच ठेवणार हायत. गेलेलं पोरगं परत आलंय म्हणत्यात."

युवराज, ते नाव ठेवू नकोस.

आप्पांचं नाव घरात चालावं असं तुला वाटतं, मलाही वाटत होतं. पहिल्या वेळी मीच आत्या म्हणून पाळण्यात वाकले, कुर्र केलं आणि लेकराच्या कानात रवळू सांगितलं. दिपाली सासऱ्याचं नाव कसं घेणार, म्हणून तुम्ही त्याला बाबू म्हणायचात. तो बाबू तीन वर्षांचा होऊन गेला. गेलेल्या लेकराचं नाव पुन्हा ठेवू नये असं जुनी माणसं म्हणतात. तू म्हणशील, आक्का कधीपासून जुन्या माणसांचं ऐकायला लागली? लागली. आता मीच जुनी झाले.

इकडं भात कापून झाला. आप्पांची मंत्रांची वही कपाटात आहे, मी ती वापरत नाही. विंचू चावला म्हणून कुणी आलं तर सरळ दवाखान्याचा रस्ता दाखवते. परवा धूळ झटकायला काढली तर तुझ्या अक्षरातलं पान उघडलं. आठवतं? बेळगावच्या कॉलेजातून कॉम्प्युटर शिकून आलास, वही हातात घेतलीस आणि ओरडलास, "आप्पा, ह्यो तर प्रोग्राम हाय!" आप्पा म्हणाले, "प्रोग्राम गणपतीत असतोय रं. ह्यो मंत्र हाय."

मग तू खडूनं जमिनीवर मांडून दाखवलंस. आधी हाक, म्हणजे मंत्र कुणाला लागायचा त्याचं नाव. मग अट, म्हणजे काय असेल तरच लागायचा. मग काम. मग फेरा, म्हणजे किती वेळा आणि कधीपर्यंत. शेवटी मिटवणी, म्हणजे मंत्र बंद करायचा शब्द. आप्पांना हे सगळं येत होतं, पण कुणी असं वेगवेगळं काढून त्यांच्यापुढं ठेवलं नव्हतं. ते तुझ्याकडं बघत बसले होते. त्यांना इतकं खूश मी कधी पाहिलं नाही.

आणि गुंडूची हरवलेली म्हैस? मी मंत्र लिहिला आणि म्हैस कुणाची ते घालायला विसरले. सकाळी अंगणात अकरा म्हशी, त्यातली एकही गुंडूची नाही. "आक्का, अट कोण घालणार, तुझा सासरा?" असं म्हणून हसून हसून लोळलास. माझं लग्नसुद्धा झालेलं नव्हतं, आणि पुढंही झालं नाही.

आप्पांची हाक लांबलचक असायची. अमका, अमकीचा लेक, अमक्या गावचा, अमक्या सालचा. तू म्हणालास, "एवढं कशाला? नाव आन घर, बास." एका उन्हाळ्यात आपण वहीतल्या सगळ्या हाका आखूड केल्या. मंत्र उघडला की काळ्या दोऱ्याला गाठ मारून दोरा दारामागच्या खुंटीला अडकवायचा, आणि मंत्र मिटवला की गाठ आपली आपण सुटायची. तू समोर मांडी घालून ती सुटताना बघायचास.

असो. नाव दुसरं ठेव. पुण्यात नावांना काय तोटा आहे? नवा तांदूळ पाठवते.

तुझी
आक्का


खानापूर, शनिवार, ८ नोव्हेंबर २०२५

चि. युवराज,

पोचपावती आली. सही तुझीच आहे, अजून तशीच घाईची. गुंडूनं मी सांगितल्यावरून तुला फोन केला, तर तू म्हणालास म्हणे, "आक्काला सांग, असली अंधश्रद्धा आमच्यात चालत न्हाय."

वा साहेब! अकरा म्हशी अंगणात उभ्या केल्या तेव्हा चालत होती.

माझीही चूकच. जुन्या माणसांच्या आडून बोलले. आता खरं कारण लिहिते, बसून वाच.

आप्पांच्या नावाचा एक मंत्र उघडा आहे. शेवटच्या दुखण्यात त्यांनी स्वतःच स्वतःवर घातला होता, सुटका व्हावी म्हणून. रवळू श्वास घेत असेल, तर दिवेलागणीला त्याच्या जिवाचा एक धागा सैल करायचा. दुसऱ्या दिवशी पुन्हा बघायचं, पुन्हा एक. ते गेले तेव्हा अट खोटी झाली आणि मंत्र थांबला. पण थांबणं वेगळं आणि मिटणं वेगळं, हे तुला मी काय सांगू? त्याची मिटवणी करायची राहून गेली. तो रोज दिवेलागणीला येऊन बघत राहिला, ह्या घरचा कुणी रवळू श्वास घेतोय का.

दीड वर्षानं आपणच त्याला एक दिला.

आप्पांच्या अंगात धागे थोडे उरले होते, एकोणीस दिवसांत संपले. बाबूकडं भरपूर होते. म्हणून तीन वर्षं लागली. डॉक्टरांना काही सापडलं नाही, कारण सापडण्यासारखं काही नव्हतंच.

दोरा माझ्याजवळ आहे. गाठ अजून तशीच आहे. हे लेकरू परत आलेलं असो की नव्यानं आलेलं, त्याच्या कानात ते नाव पडलं की त्याच संध्याकाळपासून फेरा पुन्हा सुरू होईल.

आप्पांना दोष देऊ नकोस. दुखण्यात माणसाला मागचंपुढचं सुचत नाही.

आक्का


खानापूर, गुरुवार, १३ नोव्हेंबर २०२५

युवराज,

काल गुंडूच्या मोबाइलवर तुझा निरोप आला. त्यानं अंगणात उभं राहून मोठ्यानं वाचला. "आप्पांची जीभ चार म्हैने आदीच गेलती. मग मंत्र म्हटला कुणी?" वाचून झाल्यावर गुंडूनं माझ्याकडं पाहिलं आणि मोबाइल खिशात घालून गेला.

तू लहानपणापासून असाच. मी रात्रंदिवस खपून लिहिलेल्या मंत्रातली चूक तू उभ्या उभ्या काढायचास.

मी म्हटला.

मेलेल्या बापावर ढकललं, त्याची लाज वाटते. पण ह्या पत्रात मला इतकं लाजायचं आहे की तिथंच थांबून चालणार नाही.

पक्षाघातानं आप्पांची उजवी बाजू गेली, वाचा गेली. तू महिन्याला यायचास, दोन दिवस राहायचास, जाताना दाराशी रडायचास. मी तिथंच होते. पाठीला जखमा झालेल्या, पाणी पाजलं तरी ठसका, आणि डोळे मात्र टक्क उघडे, सगळं कळत असलेले. तू म्हणाला होतास, "म्हैनाअखेरला सुट्टी मिळतीय, पुण्याला न्हेतो, मोठ्या डाक्टरला दावू." मला पुण्याचा डॉक्टर नको होता. मला त्यांना अजून कुणी टोचायला नको होतं.

एक दिवस त्यांनी डावा हात उचलला आणि दारामागच्या खुंटीकडं बोट केलं. जिथं आपण मंत्राचे दोरे अडकवायचो ती खुंटी. मी विचारलं, "आप्पा, सोडवू का तुम्हांस्नी?" त्यांनी डोळे मिटले. मी त्याला होकार समजले, आणि त्याच संध्याकाळी मंत्र उघडला.

युवराज, त्या खुंटीवर त्यांचा टॉवेलही होता. ते दिवस उकाड्याचे होते. त्यांना कदाचित फक्त घाम पुसून हवा होता. हा विचार मला ते गेल्यावर तिसऱ्या दिवशी आला, टॉवेल धुवायला काढला तेव्हा, आणि तेव्हापासून तो गेलेला नाही.

मंत्र असा होता. हे मनात वाच, मोठ्यानं नको.

हाक: रवळू, ह्या घरचा.
अट: श्वास घेत असेल तर.
काम: एक धागा सैल कर.
फेरा: उद्या दिवेलागणीला पुन्हा अटीपासून.
मिटवणी:

ती ओळ कोरी आहे. मागच्या पत्रात मिटवणी राहून गेली असं लिहिलं. राहिली नव्हती. मी ठेवली. जिवावरच्या मंत्राचा आप्पांचा नियम तुला माहीत आहे, उघडायला एक माणूस चालतो, मिटवायला दोघं लागतात. उघडणाऱ्यानं सगळं कबूल करायचं आणि रक्ताच्या माणसानं ते ऐकून शेवटचा शब्द आपल्या तोंडानं म्हणायचा. कुणी चोरून असलं काही करू नये म्हणूनच त्यांनी तो नियम घातला होता. रक्ताचं माणूस म्हणजे तू. तू आलास, त्यांच्या पायांवर डोकं ठेवून म्हणालास, "दोन दीस थांबायचं होतं की वो आप्पा." त्यावर मी काय सांगणार होते? दोरा त्यांच्या धोतरात गुंडाळला आणि ट्रंकेत तळाला घातला. मनाची समजूत घातली की अट खोटी झाली, आता तो कुणाला लागणार?

पुढं बाबूचं बारसं आपल्या घरी झालं. त्या दिवशी दिवेलागणीला देवापुढचा दिवा एकदा लवला. दुसऱ्या दिवशीही लवला. तुम्ही पुण्याला गेलात तरी इथं रोज त्याच वेळी लवत राहिला. मला वाटायचं, नाव चाललं म्हणून आप्पा खूश आहेत. मी दिव्याशी बोलायचे. तीन वर्षं रोज संध्याकाळी मी त्या दिव्यापुढं हात जोडून हसत उभी राहिले.

मग बाबू दुखण्याला पडला आणि तू मला बोलावलंस. तुझ्या घरात तो माझ्या मांडीवर होता, एवढासा झालेला. दिपालीनं देवापुढं दिवा लावला आणि त्याच क्षणी त्याचा श्वास अडखळला, मग पुन्हा सुरू झाला, आधीपेक्षा हलका. आप्पांजवळ बसून एकोणीस संध्याकाळी मी हेच पाहिलं होतं. दिपाली म्हणाली, "आक्का, काय झालं वो?" मी म्हणाले, "काय न्हाय गं, ठसका लागला."

तू आत आलास. "मुंबईला न्ह्यावं म्हणतोय. पण तुला मंत्रानं बरं करायला जमत असंल तर न्हेत न्हाय. तू सांग." मी तुझ्याकडं पाहिलं. माझ्यापासून दोन हातांच्या अंतरावर उभा होतास. मी तोंड उघडून सगळं सांगितलं असतं, तू एक शब्द म्हटला असतास, तर तिथल्या तिथं संपलं असतं.

मी म्हणाले, "जमतंय."

तू बापासाठी माझा तिरस्कार करशील ह्याची मला भीती वाटली. माझ्या मांडीवर लेकरू असताना मला माझी काळजी वाटली. ह्याहून वाईट माझ्याजवळ लिहायला काही नाही.

मी सकाळच्या गाडीनं घरी आले, ट्रंक उघडली, गाठ पाहिली आणि मंत्राला आणखी एक अट जोडायला बसले, रवळू म्हातारा असेल तरच. चालू मंत्राला ठिगळ लागत नाही. "आदी बंद कर, मग हात लाव," हे तूच मला शंभरदा शिकवलेलं. मला ते ठाऊक होतं आणि तरी मी पाच दिवस ठिगळं लावत बसले. तू रोज फोनवर विचारायचास, "केलीस काय आक्का?" मी सांगायचे, "केलंय रं, पडंल फरक." पाचव्या दिवशी दिवा लवला नाही. तुझा फोन यायच्या आधी मला कळलं होतं.

तुला वाटतं, माझा मंत्र चुकला म्हणून बाबू गेला. तसं नाही. मंत्र नीट चालला. मी गप्प बसले म्हणून तो गेला.

हाकेत आप्पांच्या आईचं नाव असतं, जयाबाईचा लेक एवढं जरी असतं, तरी दिपालीचा लेक त्याला सापडला नसता. हाक आखूड होती. ती चूकही माझ्याच नावावर लिही. तू त्याचा विचार करत बसू नकोस, मी तुला ओळखते. ज्या दिवशी म्हटला, त्या दिवशी लांब हाक घालायची अक्कल मला हवी होती.

उद्या सकाळी गुंडू तांदूळ घेऊन पुण्याला निघतोय, हे पत्र त्याच्याबरोबर. वेळ आहे तो रविवारपर्यंत. नाव बदललंस तर हे लेकरू वाचेल, पण मंत्र तसाच राहील. पुढं कधी, तुझ्यामाझ्यामागं, कुणी खापरपणजोबाचं नाव हौसेनं ठेवलं तर? म्हणून तो मिटवायचा आहे. खालच्या ओळी मोठ्यानं वाच. शेवटचा शब्द तुझा आहे. माझ्याबद्दल काय वाटतं ते वाटू दे, शब्द म्हणायला माफ करावं लागत नाही.

उघडणारी मालू, रवळूची लेक. जिच्यासाठी बाप थांबला असता ती. उघडला बापावर, न विचारता. लागला भाच्याला, न सांगता. मिटवला नाही, लाजेपायी. दोघंही गेले. ह्या हाकेला ओ देणारं आता कुणी नाही.


खानापूर, मंगळवार, १८ नोव्हेंबर २०२५

युवराज,

शुक्रवारी दिवेलागणीला दोरा पुढ्यात घेऊन बसले. गाठ तशीच होती. शनिवारी सकाळीही तशीच. दुपारी मी जेवले नाही. शनिवारी संध्याकाळी दिवा लावला, हात पुसले आणि वळून पाहिलं तर दोरा जमिनीवर सरळ पडलेला. सुटताना बघायची होती, तेवढं राहिलं. म्हणजे तू शब्द म्हणालास.

मी तिथंच बसून मोठ्यानं रडले. शेजारची म्हातारी धावत आली. तिला म्हणाले, आप्पा वारले. ती म्हणाली, "अगं मालू, सा वर्सं झाली की त्येस्नी." तिला काय सांगू, की मला आत्ता कुठं रडायची मोकळीक मिळाली?

गुंडू काल परत आला. बारशाला तू त्याला ठेवून घेतलंस. सांगत होता, "पत्र दारातच घेतलं. माझ्याम्होरं उघडलं न्हाय. दुसऱ्या दिशी डोळं सुजलेलं हुतं. बाळ लई गुटगुटीत हाय बघ, पाय झाडतंय नुसतं." तू काही पाठवलं नाहीस, मी वाटही पाहत नव्हते. दिपालीनं डबाभर घुगऱ्या पाठवल्या, बारशाच्या. डबा आला ह्याचा अर्थ तू तिला अजून सांगितलेलं नाहीस. मी त्यातली एकही तोंडात घातली नाही. डबा घासून ठेवलाय. तिला कळेल तेव्हा ती मागेल, आणि तिनं मागायलाच हवा.

मग गुंडू हसत म्हणाला, "आन नाव काय ठेवलं सांगू?"

मी उठून त्याच्या तोंडावर हात ठेवला. बिचारा घाबरला. मी म्हणाले, "नगो. रवळू न्हाय न्हवं? एवढंच सांग." त्यानं मान हलवली, न्हाय. "मग बास."

तेवढंच मागणं आहे. त्याचं नाव मला कधी कळवू नकोस. गुंडूलाही बजावलंय. वही मी परसात जाळली, पण मंत्र पाठ आहेत, ते जाळता येत नाहीत. नाव ठाऊक असलं की एखाद्या दिवशी त्याचा ताप कानावर येईल आणि मायेनं माझ्या तोंडून काहीतरी निघेल. माझ्या मायेचा मला भरवसा नाही. ज्याचं नाव माहीत नाही त्याला माझ्याकडून काही लागणार नाही.

रविवारी बारा वाजता, पाळणा हलत असेल अशा हिशोबानं, मी देवापुढं बसले होते. समोर कुणी नव्हतं. तरी पदर सावरला, वाकले आणि आत्यानं करायचं तेवढं केलं.

कुर्र.

पुढं काही बोलले नाही.

तुझी
आक्का